मनवाच्या नावाचा फ्लेक्स

१

रविवारची उपासना आटोपून मरियम हिवाळे चर्चमधून निघाली तेव्हा साडेदहा वाजले होते. एका हातात बायबल, दुसऱ्या हातात वाटेत घेतलेली मेथीची जुडी. नगरमधल्या तारकपूरच्या मागच्या गल्लीच्या तोंडाशी, रिक्षास्टँडच्या वर, कायम कुणाचा तरी फ्लेक्स लागलेला असे. कधी वाढदिवस, कधी निवड, कधी कुणी गेल्याचा. मान वर करून बघायची सवय तिची केव्हाच सुटली होती. त्या दिवशी तिनं वर बघितलं ते एवढ्याचसाठी, की स्टँडवरचे दोन रिक्षावाले आधी वर आणि मग तिच्याकडे बघत होते.

वर तिचाच चेहरा होता.

काळी किनार, दोन बाजूंना दोन समया, आणि मध्ये चोविशीतली मरियम: नाकात नथ, कमरेवर घागर, ओठांत दाबलेलं हसू. क्षणभर तिला वाटलं, आपण आरशासमोर उभ्या आहोत आणि मधली बत्तीस वर्षं कुणीतरी पुसून टाकली आहेत. मग तिनं अक्षरं वाचली.

'भावपूर्ण श्रद्धांजली. अभिनेत्री मनवा. जन्म १९७२. दुःखद निधन गुरुवार, १३ नोव्हेंबर.'

आज नऊ तारीख होती.

मेथीची जुडी हातातून सुटली. मरियमनं तीस वर्षं पडद्यावर घाबरण्याचं काम केलं होतं. एकोणीस चित्रपट आणि अकरा मालिकांत ती कधी प्रेत पहिल्यांदा बघणारी शेजारीण होती, कधी अंधाऱ्या जिन्यात किंचाळणारी नर्स, कधी इन्स्पेक्टरची काळजीत पडलेली बायको. मंडईत लोक तिला ओळखत, 'तुम्ही त्या सिरियलमधल्या ना?' म्हणत, पण नाव कुणाला आठवत नसे. कॅमेऱ्यासमोर घाबरताना डोळे विस्फारायचे, हात तोंडावर न्यायचा, श्वास आत ओढायचा, हे तिला पाठ होतं. आता त्यातलं काहीच झालं नाही. तिचे डोळे कोरडे पडले आणि पोटऱ्यांतलं बळ गेलं, एवढंच.

"बाई, खाली बसा. इथं, पायरीवर."

कुणीतरी तिचा दंड धरला होता. जाडजूड बाई, पांढरे केस, पायांत पुरुषी बूट. चार घरं सोडून राहणारी लंकाबाई कोरडे. मूळची मिरजगावची, पोलिसात हवालदार होती आणि तीन वर्षांपूर्वी निवृत्त झाली होती. तिनं एका रिक्षावाल्याला वर चढवलं, दोऱ्या कापून घेतल्या, आणि फ्लेक्सची गुंडाळी काखेत मारली.

"फाडू नगा कुनी. माझ्याकडं ऱ्हाऊ द्या," ती म्हणाली. मग मरियमच्या कानाशी वाकली. "बाई, येत्या बेस्तरवारी तुमचं काय हाय?"

२

गुरुवारी मरियमला राजूरला जायचं होतं.

हे तिनं लंकाबाईला घरी आल्यावर, दाराला आतून कडी घालून सांगितलं. केदार खिस्ती नावाचे कॉलेजातले एक तरुण प्राध्यापक तिच्या कारकिर्दीवर माहितीपट करत होते. नाव न झालेल्या नटीवर कुणी माहितीपट का करावा, हे तिला कळलं नव्हतं; पण त्यांनी चिकाटीनं तिचं सगळं काम गोळा केलं होतं. तिचा पहिला चित्रपट १९९३ साली राजूरजवळच्या डोंगरात झाला होता. तिथल्याच कड्यावर उभं राहून तिनं अल्बममधला एकेक फोटो दाखवत आठवणी सांगायच्या, असं गुरुवारचं ठरलं होतं.

लंकाबाईनं फरशीवर फ्लेक्स पसरला आणि गुडघ्यावर हात टेकून खाली बसली. चेहऱ्याभोवतीच्या समया बघून मरियमनं तोंड फिरवलं.

"ह्यो फोटू कुटला?"

"त्याच चित्रपटातला. एकच प्रत निघाली होती. ती माझ्या अल्बममध्ये आहे. छापून कधीच आला नाही कुठं."

"आन् अल्बम कुनाच्या हाताला लागतो?"

मरियमला उत्तर द्यायचं नव्हतं, कारण नावं दोनच होती. एक केदारसर, त्यांनी पंधरा दिवसांपूर्वी इथंच टेबलावर बसून सगळा अल्बम स्कॅन करून नेला होता. दुसरा बेंजामिन, तिच्या मोठ्या भावाचा मुलगा. घराची एक किल्ली त्याच्याकडेही होती.

"आन् फोटू काढनारा?"

"धवलदादा सोहनी. आता शिर्डीला हॉटेल आहे त्यांचं. पण त्यांच्याकडे काही नाही हो. त्यांचा जुना स्टुडिओ पुराच्या पाण्यात गेला, सगळ्या निगेटिव्ह सडल्या. मी एकदा मागितल्या होत्या, तेव्हा त्यांनीच सांगितलं होतं." जरा थांबून ती म्हणाली, "मनवा हे नाव त्यांनीच दिलं मला. दर नाताळला फोन करतात. बाकी कुणी करत नाही."

बेंजामिन दुपारी आला. कारखान्यात लेखनिक होता, चाळिशीचा, पोट सुटलेला, स्वभावानं तापट. फ्लेक्स बघून त्याचा चेहरा उतरला, पण पुढच्याच वाक्यात तो म्हणाला, "आत्या, मी किती दिवस सांगतोय, एकटी राहू नकोस. घर बंद कर, माझ्याकडे ये."

लंकाबाईनं मान वर केली. "किती दिवसांपासून सांगताय?"

"दोन वर्षं झाली. का? मीच लावला असं म्हणायचंय का तुम्हाला?"

"म्या कुटं काय म्हनले? रिक्षावाले म्हनत्यात, बोर्ड काल सांजच्याला लागला. तवा कुटं हुता?"

"स्टँडवर. चहा घ्यायला. सगळेच असतात तिथं." तो आत्याकडे वळला. "तू बोलत का नाहीस काही?"

 या मुलाला मरियमनं कडेवर खेळवलं होतं. पण आता ती त्याच्या हातांकडे बघत होती, आणि त्यानं खिशातून किल्ली काढून टेबलावर ठेवली तेव्हा तिचे खांदे नकळत आक्रसले. ते त्याच्या लक्षात आलं. चहा न घेताच तो निघून गेला.

पोलीस चौकीत लेखी अर्ज घेतला, शिक्का मारला. कुणाचा तरी खोडसाळपणा असेल, म्हणाले. त्या दिवसापासून लंकाबाई आपली वळकटी घेऊन मरियमच्या बाहेरच्या खोलीत झोपायला आली.

३

मंगळवारी दुपारी दोनला फोन वाजला. नंबर अनोळखी होता. मरियम स्वयंपाकघरात भाकरी थापत होती. पिठाच्या हातानंच तिनं मोबाईल कानाला लावला.

पलीकडं कुणी बोललं नाही. थोडी खरखर झाली आणि एक बाई किंचाळली. लांब, उंच, शेवटी फाटत जाणारी किंकाळी.

मरियमनं फोन ठेवला नाही. ठेवता आला नाही. किंकाळी संपली, पुन्हा सुरू झाली, आणि दुसऱ्या वेळी तिनं ती ओळखली. शेवटी आवाज फाटतो तिथं दिग्दर्शक खूश झाला होता. विहिरीत प्रेत दिसल्यावरचा प्रसंग. तो आवाज तिचाच होता.

लंकाबाई आत आली तेव्हा मरियम ओट्याला पाठ लावून खाली बसली होती आणि तव्यावर भाकरी करपत होती. लंकाबाईनं गॅस बंद केला, नंबर लिहून घेतला, परत लावून बघितला. बंद होता.

"मी नाही जात राजूरला," मरियम म्हणाली. "केदारसरांना सांगा. मला माहितीपट नको, काही नको. मी बेंजामिनकडे जाते."

"जावा की. पन शुक्रवारी जावा." लंकाबाई तिच्याशेजारी फरशीवरच बसली. "बाई, मारायचं असंल तर मानूस मारून मोकळा हुतो. आदी बोर्ड लावत न्हाई. ह्याला तुमी मरायला नको हायती. ह्याला तुमी बेस्तरवारी घरात बसायला पायजेल. आता मला सांगा, तुमी राजूरला गेल्यावर कुनाचं काय बिघडतंय?"

मरियमनं खूप विचार केला. तिला काहीच सुचलं नाही. सुचत नाही याचीच तिला जास्त भीती वाटली. आपल्याला ठाऊक नसलेली कुठली तरी गोष्ट आपल्यापाशी आहे, आणि ती कुणाला तरी ठाऊक आहे.

चारला केदारसर आले. सडपातळ, चष्मा, खांद्याला झोळी. फ्लेक्सबद्दल ऐकून ते हादरले होते. आपल्या कामामुळं हे झालं असं त्यांना वाटत होतं.

"तुमच्याकडं बाईंचा आख्खा अल्बम हाय म्हनं," लंकाबाई म्हणाली.

"स्कॅन आहेत. लॅपटॉपमध्ये. मी कुणाला दिलेले नाहीत."

"कुनी मागितले?"

केदारसरांनी झोळी खाली ठेवली. "स्कॅन नाही मागितले. धवल सोहनींची मुलाखत घेतली मागच्या आठवड्यात, तेव्हा ते म्हणाले, मूळ अल्बमच एक दिवस आणून द्या, जुने दिवस आठवतील. मी म्हटलं, मनवाताई अल्बम घराबाहेर देत नाहीत. तर गुरुवारी तिकडं काय काय करणार, कोण कोण येणार, ते विचारत होते. मी सांगितलं. त्यात लपवण्यासारखं काय होतं?"

"कोन कोन येनारे?"

"गोरक्षनाथ भांगरे. त्यांच्या बहिणीचं प्रकरण आहे ना. मनवाताईंना माहीत असेल."

मरियमला माहीत होतं, पण फार थोडं. हौसा नावाची सतरा वर्षांची मुलगी. कड्यावर चढण्याउतरण्याच्या प्रसंगात मरियमच्या जागी तिला उभं करत, कारण बांधा सारखा होता. शूटिंग चालू असतानाच ती कड्यावरून पडून गेली. मरियम तेव्हा आई आजारी म्हणून घरी आलेली होती; चार दिवसांनी परत गेली तेव्हा सगळं उरकलं होतं. हौसा एकटीच कड्यावर गेली होती, असं युनिटमध्ये सांगत. गावात याहून वाईट बोलत. शूटिंगवाल्यांच्या नादी लागली, काहीतरी घडलं, म्हणून पोरीनं उडी टाकली.

"गोरक्षनाथ तेव्हा बारा वर्षांचे होते," केदारसर म्हणाले. "त्यांनी पंचनाम्याची नक्कल अजून जपून ठेवलीय. माझ्या मोबाईलवर आहे फोटो."

"धाडा मला," लंकाबाई म्हणाली.

४

केदारसर गेल्यावर लंकाबाईनं दिवे लावले, अल्बम मागितला, आणि फ्लेक्स पुन्हा फरशीवर पसरला.

"तुमचं नाक कुटल्या बाजूला टोचलंय?"

"डावीकडे." मरियमनं नकळत हात नेला. ख्रिस्ती घरातली मुलगी. त्या चित्रपटासाठीच तिनं नाक टोचून घेतलं होतं, आणि वडील महिनाभर तिच्याशी बोलले नव्हते. "डावीकडेच. का?"

"फ्लेक्सवर बघा."

फ्लेक्सवर नथ उजव्या नाकपुडीत होती. रविवारी आरशात बघितल्यासारखं का वाटलं, ते मरियमला आता कळलं. फोटो उलटा होता. आरशात दिसावा तसा.

"छापणाऱ्यानं उलटा केला असेल," ती म्हणाली.

"आसंल. मीबी आदी तेच म्हनले. मंग घागर बघितली." लंकाबाईनं अल्बमातला फोटो काढून फ्लेक्सशेजारी ठेवला. "ह्यात घागर अर्धीच हाय."

"मीच कापला होता. अल्बमच्या खिशात मावत नव्हता, म्हणून कडेनं कात्री चालवली."

"आन् फ्लेक्सवर?"

फ्लेक्सवर घागर पूर्ण होती. तिचा गोल काठ, तिच्यावर धरलेली बोटं, आणि पलीकडं एक निवडुंगाचं झुडूप.

"उलटा करता येतो, बाई. रंग बदलता येतो. पन कापून टाकलेली अर्धी घागर कुटून आननार? ह्यो फोटू तुमच्या अल्बममदनं घेतल्यालाच न्हाई. म्हंजे बेंजामिन सुटला, आन् खिस्तीसरबी सुटले. त्यांच्याकडं अर्धीच घागर हाय. ह्यो निगेटिव्हवरनं केलाय, आन् करताना ती पालथी पडली."

 निगेटिव्ह सडल्या, असं ज्यानं सांगितलं होतं त्याचं नाव मरियमच्या जिभेवर येत नव्हतं.

"दुसरं. जल्म एकोनीसशे बहात्तर. खरा किती?"

"एकोणसत्तर." मरियमचा आवाज खाली गेला. "पहिल्या चित्रपटाच्या वेळी तीन वर्षं कमी सांगितली होती. पुढं वहिनीच्या, आईच्याच भूमिका मिळायला लागल्या. मग वय चोरायचं कारणच उरलं नाही. सगळीकडे खरंच लिहीत आले."

"बेंजामिननं तुमचा सरकारी मानधनाचा फॉर्म भरलाय, त्याला खरं ठावं. सरांनी शाळेचा दाखला बघितलाय. बहात्तर कुनाला वाटतं? ज्याला तुमी त्र्यान्नव सालात सांगितलं त्यालाच."

"पण का? त्यांना माझ्यापासून काय धोका?"

लंकाबाईनं मोबाईल डोळ्यांजवळ धरला आणि पंचनाम्याची पिवळट अक्षरं सावकाश वाचली. दिनांक १२ नोव्हेंबर १९९३, सायंकाळी सहाच्या सुमारास गुराख्यास कड्याखाली मयत आढळली. चित्रीकरण दुपारीच संपले होते. कड्यावर कोणीही इसम हजर नव्हता. कंपनीचे छायाचित्रकार श्री. सोहनी हे त्याच दिवशी सकाळी रिळे घेऊन नगरकडे रवाना झाले होते.

"सकाळी?" मरियम म्हणाली. "नाही. सकाळी कसे जातील?"

तिनं अल्बमचं शेवटचं पान उघडलं. तिथं खिशात न बसणारा एक चौकोनी फोटो नुसता खोचून ठेवला होता. कॅमेऱ्यातून लगेच बाहेर पडणारे, पांढऱ्या काठाचे फोटो तेव्हा सेटवर काढत. त्यांची दुसरी प्रत नसते. रंग विटले होते. कड्यावर मावळतीच्या उन्हात मरियम उभी, हातात प्रवासाची पिशवी. मागं थोड्या अंतरावर नऊवारीतली एक मुलगी हसत वाट बघत होती. आणि खाली काठावर निळ्या शाईत, वळणदार अक्षरांत: 'मनवाला, घरी जाताना. धवल. १२ नोव्हें. ९३, सायं. ५.'

"मी साडेपाचच्या एस.टी.नं गेले," मरियम म्हणाली. "निघताना त्यांनी हा काढला आणि हातात दिला. ते सकाळीच गेले होते असं त्यांनी सांगितलंय, हे मला कधी कुणी बोललंच नाही. मला कुणी विचारलंच नाही काही."

"आन् मागं हुभी हाय ती?"

"हौसा." मरियमनं फोटो खाली ठेवला. "तीच हौसा."

५

"बेस्तरवारी तुमचा ह्यो फोटू आन् भांगऱ्यांचा पंचनामा एका जागी येनार, त्याचंच त्याला भ्या. कागद पुरावा हाय," लंकाबाई म्हणाली, "पन कड्यावर काय झालं ते कागद सांगत न्हाई. ते त्याच्या तोंडूनच यायला पायजेल."

बुधवारी अकराच्या सुमारास दोघी शिर्डीत उतरल्या. वाटेत फुलांच्या टेम्पोवाल्यांपाशी लंकाबाई थांबली. पहाटे नगरहून फुलं घेऊन येणारे हे टेम्पो दुपारी रिकामे परततात. त्यातल्या एकानं सांगितलं, व्हय, शनिवारी एक गुंडाळी नगरला पोचवली होती, स्टँडवरल्या बोर्ड लावणाऱ्याकडं. दिली कुणी? हॉटेलच्या काउंटरवरनं.

ते हॉटेल सोहनींचं होतं.

मरियमच्या पर्समध्ये मोबाईल रेकॉर्डिंगवर चालू होता. जिन्यापाशी लंकाबाई म्हणाली, "तुमी व्हा म्होरं. मी असले की बोलनार न्हाई तो. माझे गुडघे धरलेत, मी हळूहळू येते."

धवल सोहनी गच्चीवर होते. साठीचे, गोरे, पांढरा कुडता, आवाज मऊ. वर नवा मजला चढत होता. कडेचा कठडा अजून गुडघ्याएवढाच झाला होता. त्यांनी खुर्ची दिली, चहा सांगितला, तिच्या डोक्यावर हात ठेवला.

"ऐकलं मी फ्लेक्सचं. किती नीच लोक असतात. मनवा, तू उद्या जाऊ नकोस. त्या कॉलेजच्या पोराला काय कळतंय? तुझ्या जिवापेक्षा माहितीपट मोठा आहे का?"

ते इतक्या मायेनं बोलत होते, की मरियमला वाटलं आपलंच चुकलं. घागर, नथ, साल, सगळं चुकलं. हा माणूस दर नाताळला फोन करतो.

"चहा येईपर्यंत एक फोटो काढू तुझा," त्यांनी मोबाईल काढला. "मागे मंदिराचा कळस येईल बघ. जरा तिकडं उभी राहा. हां. थोडी मागे. अजून एक पाऊल मागे."

मरियम मागं सरकली. सवयीनं सरकली, जशी तीस वर्षं सरकत आली होती. टाचेला विटांचा खडबडीत स्पर्श झाला आणि तिला तो आवाज ऐकू आला. आत्ताचा नव्हे. ती पिशवी घेऊन पायवाटेनं खाली उतरतेय, एस.टी. गाठायची घाई आहे, आणि वरून धवलदादांचा आवाज येतोय, हसऱ्या सुरात: मागे, अजून एक पाऊल मागे. कुणाला म्हणत होते ते? ती तर निघून आली होती.

ती जागच्या जागी थिजली. पाठीमागं चार मजल्यांची पोकळी होती. 

"हौसालाही तुम्ही असंच म्हणाला होतात," ती म्हणाली.

मोबाईल हळूहळू खाली आला.  दोघांमध्ये सहा पावलं होती. त्यांतलं एक त्यांनी पुढं टाकलं. 

"ऱ्हाऊ द्या सायेब, तितंच थांबा," जिन्याच्या दारातून लंकाबाई धापा टाकत म्हणाली. तिनं चालत येऊन मरियमचा दंड धरला, तिला कठड्यापासून आत घेतलं, आणि त्या चौकोनी फोटोची केदारसरांच्या स्कॅनवरून काढलेली प्रत सोहनींसमोर धरली. "ह्ये अक्षर तुमचं. सकाळी नगरला गेलेला मानूस सांजच्या पाचला कड्यावर सही करतोय."

सोहनींनी तो कागद हातात घेतला नाही. ते खुर्चीत बसले. चहा आला, घेऊन आलेला माणूस कप ठेवून मुकाट्यानं परत गेला.

"तिनंच मागितला फोटो," शेवटी ते म्हणाले. "मनवाचा काढलेला बघितला आणि म्हणाली, माझा काढा, माझा कुणीच काढला नाही. मी काचेतून बघत होतो. काचेतून बघताना कडा किती जवळ आहे ते कळत नाही. मी म्हणालो मागे हो, ती झाली. पुन्हा म्हणालो. मग चौकटीत कुणीच नव्हतं." त्यांनी चेहऱ्यावरून हात फिरवला. "ओरडलीसुद्धा नाही. मी पळालो. कंपनीच्या मॅनेजरनं सांगितलं, तू सकाळीच गेलास असं लिहू. तो मेला दहा वर्षांपूर्वी. मला वाटलं, संपलं."

"आन् पोरीनं उडी टाकली म्हनून गावभर झालं, त्ये?"

"ते मी नाही पसरवलं."

"थांबवलं का?"

सोहनींनी समोरचा कप दूर सरकवला.

"मनवा, मी तुला काही करणार नव्हतो," ते म्हणाले. "फ्लेक्स, तो फोन, सगळं त्यासाठीच. नुसती घाबरवायची होती. तू घाबरतेस, मला माहीत आहे."

मघाच्या त्या एका पावलाचा अर्थ काय होता, हे मरियमला पुढंही कधी कळलं नाही. त्यांनाही कदाचित ठाऊक नसेल. संध्याकाळपर्यंत त्यांनी ठाण्यात जबाब लिहून दिला. बत्तीस वर्षांनी त्याचं कायद्यानं काय होईल ते लंकाबाईलाही सांगता येईना.

६

गुरुवारी, तेरा तारखेला, मरियम राजूरला गेली.  ज्यानं तारीख छापली होती तो सापडला होता. तरी तारीख ती तारीखच होती. बेंजामिननं रजा टाकली होती. गाडी त्यानंच चालवली. किल्लीबद्दल दोघांपैकी कुणी काही बोललं नाही, पण घाटातल्या वळणांवर तो मुद्दाम सावकाश जात होता.

गोरक्षनाथ भांगरे कड्याखालच्या वाडीत राहत होते. चव्वेचाळीस वर्षांचा उंच, मितभाषी माणूस. ओसरीवर त्यांची आई मालनबाई बसली होती, ऐंशीच्या पुढची. केदारसरांनी कॅमेरा बाहेर काढला. मरियमनं त्यांना थांबा म्हटलं. आधी ती म्हातारीसमोर जमिनीवर बसली आणि सगळं सांगितलं. फोटो, पाऊल, कडा. स्वतःचंही सांगितलं: की मला तो आवाज ऐकू आला होता, आणि बत्तीस वर्षांत मी एकदाही विचार केला नाही की तो कुणासाठी होता.

गोरक्षनाथ मध्येच उठून घरामागं गेले. त्यांच्या बायकोनं त्यांच्यामागं पाण्याचा तांब्या नेला.

मालनबाईनं पदर सावरला. मग म्हणाली, "तिनं उडी न्हाई मारली, ते मला ठावंच हुतं. सकाळी भाकर खाताना सांगत हुती, कंपनी मला साडी देनार हाय. असं मानूस उडी मारतं व्हय?" तिनं मरियमच्या गुडघ्यावर सुरकुतला हात ठेवला. "मला सांगून काय उपेग, बाई? गावाला सांगा."

"गावाला?"

"जे बोलले त्यांना. निम्मे मेले, निम्मे हायेत."

वाडीतल्या शाळेच्या ओट्यावर माणसं जमायला वेळ लागला नाही. शेतातून बाया आल्या, काठी टेकत म्हातारे आले. पन्नास-साठ जण असतील. मरियम तीस वर्षांत दोनापेक्षा जास्त वाक्यं सलग क्वचितच बोलली होती, आणि तीही दुसऱ्या कुणीतरी लिहून दिलेली.  लंकाबाई खाली पहिल्या रांगेत, बूट काढून बसली होती.

"माझं नाव मरियम शमुवेल हिवाळे," तिनं सुरुवात केली. आवाज पहिल्या रांगेपलीकडं पोचत नव्हता. "बारा नोव्हेंबर त्र्याण्णवला, संध्याकाळी पाच वाजता, मी त्या कड्यावर होते. हौसा माझ्या मागं उभी होती."

"मोटं बोला, बाई," ओसरीवरून उचलून आणलेल्या खुर्चीतून मालनबाई म्हणाली. "मागं बहिरे म्हातारे बसलेत. त्यांनाच ऐकाया पायजेल."

मरियमनं श्वास घेतला आणि पुन्हा, मोठ्यानं, पहिल्यापासून सुरुवात केली.